दोघांचा आहेर

टुंईमास्तर आधी आवाज ऐकायचे, मग माणूस बघायचे. लातुरात आमच्या घरी पहिल्यांदा आले तेव्हा आईला नमस्कार करायच्या आधी त्यांनी आमचा मिक्सर दोनदा लावून ऐकला आणि फोनमध्ये भरून घेतला. महिन्याभरात तो मिक्सर त्यांच्या गाण्यात वाजत होता. कीबोर्डमधून असले चमत्कारिक आवाज काढतात म्हणून गल्लीतल्या पोरांनी हे नाव ठेवलं, तर यांनी ते हौसेनं दारावर रंगवून घेतलं.

मास्तर मूळचे उमरीचे. लातुरात दत्ताकाकांबरोबर राहायचे. दत्ताकाका डाळमिलमध्ये मशीनवर होते आणि मास्तरांच्या सगळ्यात गाजलेल्या गाण्याचा ठेका म्हणजे त्याच मशीनची चाळणी. कोचिंगची पोरं अजून ते गाणं लावतात. हलगी का नाही घेतली, असं विचारलं की मास्तर म्हणायचे, "माझ्या घरचा ठेका हाय हा. दुसरा कशाला आणू?"

घरचा म्हणजे काय, हे त्यांनी कधी झाकलं नाही. आपण गे आहोत, दत्ता आपला जोडीदार आहे, हे एकदा गणपतीच्या स्टेजवरून माईकमध्येच सांगितलं आणि लगेच पुढचं गाणं सुरू केलं. काही कार्यक्रम हातचे गेले. उमरीच्या भावांनी येणं-जाणं तोडलं. मास्तरांचा हट्ट एकच असायचा. लग्नात वाजवलं की आहेराची टॉवेल-टोपी दोघांची मागायची, कारण आपण जोडीनं आलोय. कुणी हसत द्यायचं, कुणी तोंड फिरवायचं.

माझ्या लग्नात ते घरचं कार्य म्हणून आले. आहेराचं ताट आईकडे होतं. आमची आई शाळेत बाई, वर्गात समतेवर तासभर बोलणारी. पण पाहुण्यांदेखत तिनं एकट्या मास्तरांपुढे टॉवेल-टोपी धरली. दत्ताकाका शेजारीच उभे होते. मी बघत होते आणि गप्प बसले. मास्तरांनी हात जोडले.

"राहू द्या बाई. एकट्याचं घेत न्हाई मी."

मग जाऊन माझी वरात निघेपर्यंत वाजवत बसले. मला त्या दिवसाची अजून लाज वाटते.

गेल्या वर्षी मास्तर अचानक गेले. तेराव्याला उमरीचे भाऊ आले आणि दुखवट्याचे कपडे घ्यायला ओळीनं बसले. लोक त्यांच्याच पुढ्यात ठेवत होते. दत्ताकाका मागे, कीबोर्डच्या खोक्याला टेकून बसलेले. आई गुडघे धरत उठली, भावांची ओळ ओलांडून गेली आणि दत्ताकाकांसमोर बसली. आधी दुखवट्याची टॉवेल-टोपी ठेवली. म्हणाली, "हा मान तुमचा हाय." दत्ताकाकांनी ती घेतली, कपाळाला लावली, आणि तेरा दिवसांत पहिल्यांदा रडले.

मग आईनं पिशवीतून आणखी दोन काढल्या. "ह्या हिच्या लग्नातल्या. जोडीच्या. तवा द्यायला माझा हातच झाला न्हाई."

दत्ताकाकांनी त्या बराच वेळ हातात धरल्या. मग हळूच आईच्या पिशवीत परत ठेवल्या.

"हे दोघांचं हाय, बाई. एकट्यानं कसं घेऊ?"

त्या दोन टॉवेल-टोप्या आमच्या कपाटात आहेत. आईनं त्या अजून कुणाला दिल्या नाहीत.