नथ्थूआप्पांची सुतळी

नथ्थूआप्पा घोड्याच्या खोलीला कडी लावत नसत. शारजाबाहेरच्या आमच्या घोडेस्वारी क्लबात प्रत्येक दाराला वर एक आणि खाली एक अशा दोन लोखंडी कड्या होत्या. आप्पांच्या रांगेतली बाराही दारं मात्र सुतळीने बांधलेली असत. घोड्याने छातीने रेटा दिला तर तुटेल एवढीच बारीक सुतळी. तिचा गुंडा त्यांच्या खिशात कायम असे.

एकदा एक घोडी सुतळी तोडून शेजारच्या खजुराच्या बागेत गेली. आमचे इंग्रज मॅनेजर लालबुंद होऊन ओरडत होते. आप्पा मान खाली घालून उभे राहिले आणि मला मराठीत म्हणाले, "सांग त्याला, ग्रॅज्युएट. बाहेर पडलेलं जनावर सापडतं." मी ते इंग्रजीत जरा मऊ करून सांगितलं. दुसऱ्या दिवशी दारांना पुन्हा सुतळीच.

ते मला नावाने कधी हाक मारत नसत. आमच्या घरात कॉलेजात गेलेला मी पहिला. दोंडाईच्याला बी.कॉम. झालो आणि एजंटाच्या भरवशावर शारजाला आलो, तर हातात सिमेंटची पोती आली. एका शुक्रवारी बसथांब्यावर माझी बोली ऐकून आप्पा थांबले. ते तापीकाठचे, सारंगखेड्याच्या घोडेबाजारात वाढलेले. माझी सगळी हकिकत ऐकून घेतली आणि पुढच्याच आठवड्यात मला मॅनेजरपुढे उभं केलं. "साब, ये लडका चिठ्ठी लिखता है, हिसाब लिखता है. इसका हाथ पोती उठाने का नहीं." मी आज जो काही आहे तो त्या वाक्यामुळे आहे.

शारजाला येण्याआधी आप्पा बारा वर्षं कुवेतला होते. तिथल्या एका घराण्याचे आठ घोडे त्यांच्याकडे होते. नव्वदच्या ऑगस्टमध्ये इराकी सैन्य शिरलं तेव्हा मालक कुटुंबासह उन्हाळ्यासाठी परदेशी होता, घोड्यांपाशी आप्पा एकटेच. मेसमध्ये नवा माणूस आला की विचारायचाच, "आप्पा, मग घोड्यांचं काय केलंत?" उत्तर ठरलेलं असे. "दारं उघडली. म्हटलं, जा." एवढं बोलून ते ताट घेऊन उठत. मला ती त्यांची नम्रता वाटे.

युद्धाला चार-पाच वर्षं झाली आणि आखाती देशांच्या क्रीडास्पर्धांमधली घोडेस्वारी आमच्या क्लबात ठरली. पाहुण्या संघांसाठी क्लबाची माहितीपुस्तिका लिहायचं काम मॅनेजरांनी माझ्यावर टाकलं. मी त्यात अर्धं पान आप्पांवर लिहिलं. युद्धात आठ घोड्यांना मोकळं करणारा माणूस, असं. फोटोही छापला. आमच्या सुदानी टायपिस्टने त्याचं अरबी केलं. आप्पांना मी विचारलं नाही. त्यांचे उपकार फेडायला माझ्याकडे लिहिण्यापलीकडे होतं काय? छापून आल्यावर दाखवू, चकित होतील, असा माझा बेत होता.

संघांची यादी लागली तशी आप्पा ऑफिसात आले. कुवेतचे घोडे त्यांच्या रांगेत होते.

"मला पलीकडच्या रांगेत टाक."

"आप्पा, यादी टाइप झाली."

"मग परत टाइप कर. शिकलास ना?"

"पण का? तुमचीच ओळखीची माणसं असतील!"

ते "खलास" म्हणून निघून गेले. मी यादी बदलली नाही.

तिसऱ्या दिवशी कुवेतच्या संघातला एक कोवळा स्वार पुस्तिका हातात घेऊन माझ्या टेबलाशी आला. नाव युसुफ, वय एकोणीस-वीस. "हा आमच्या घरचा नाथू कुठे आहे?" अरबीत नथ्थूचं नाथू झालं होतं. मी आनंदाने त्याला रांगेकडे नेलं. आप्पा सुतळी बांधत होते. युसुफने त्यांना मिठीच मारली. दोघं अरबीत बोलू लागले. तोवर मला तेवढं अरबी समजू लागलं होतं.

"बाबा हेच सांगायचे. नाथूने दारं उघडली, घोडे वाळवंटात गेले. मला वाटायचं, मी लहान म्हणून सांगतात. आता ते नाहीत. पण खरं होतं तर!" मग त्याने विचारलं, "माझी रीम? ती पांढरी घोडी?"

आप्पांच्या हातातली सुतळी तशीच राहिली. ते म्हणाले, "ती सगळ्यांत आधी गेली. मागे वळूनसुद्धा पाहिलं नाही."

युसुफ रडत रडत हसला. सामन्याच्या दिवशी मैदानाच्या फाटकाशी आपला घोडा नाथूनेच धरावा, असा हट्ट त्याने धरला. आप्पांनी धरला. युसुफ उत्तम खेळला. शेवटच्या अडथळ्यावर घोड्याचा मागचा पाय लागून एक दांडा पडला, म्हणून तिसरा आला. पदक घेऊन तो सरळ फाटकाशी आला आणि सगळ्यांसमोर ते त्याने आप्पांच्या गळ्यात घातलं. कोणीतरी पुस्तिकेतला मजकूर माइकवर वाचून दाखवला. लोक उभे राहिले. सगळ्यांत जोरात टाळ्या मी वाजवल्या.

दुसऱ्या दिवशी दुपारी आप्पा मला गवताच्या गोदामात सापडले. पदक बाजूच्या गठ्ठ्यावर पडलं होतं.

"लई टाळ्या वाजवल्यास," ते म्हणाले. "बस."

मी बसलो.

"कड्या लावल्या होत्या मी. वरची बी, खालची बी. रस्त्यावर रणगाडे होते. मोकळं सोडलं तर गोळी घालतील, असं वाटलं. शहरात जाऊन गावी जायचे कागद करायचे आणि दोन दिवसांत परत यायचं, असं होतं. आठ बादल्या पाणी भरून ठेवलं. आठ घोडे, आठ बादल्या. दोन दिवस पुरलं असतं." त्यांनी गठ्ठ्यातली एक काडी उपसली. "नाक्यावर सैनिकांनी मागं फिरू दिलं नाही. जॉर्डनच्या बसमध्ये कोंबलं. लढाई संपल्यावर तिथं परत गेलेला एक ड्रायव्हर मला भेटला. कड्या तशाच होत्या म्हणे."

बाहेर घोड्यांचे पाय आपटल्याचे आवाज येत होते. मी काहीतरी बोलायला गेलो.

"तोंडात होतं तवर ते माझ्यापुरतं होतं," आप्पा म्हणाले. "तू छापलंस. आता त्या पोरापुढं मला मरेस्तोवर खोटंच राहावं लागंल. खरं सांगायची एक जागा होती, ग्रॅज्युएट. तीच गेली."

त्यांच्या बोलण्यात राग नव्हता. असता तर बरं झालं असतं.

त्यानंतर त्यांनी घोड्याला हात लावला नाही. महिन्याभरात राजीनामा दिला. अर्ज मीच लिहिला, कारणाच्या जागी 'घरगुती' असं घातलं. विमानतळावर त्यांनी पदक माझ्या हातात ठेवलं. "त्याला परत दे. कसं द्यायचं ते तू ठरव. तू शिकलेला." मला ते कधीच ठरवता आलं नाही. युसुफला काय सांगून परत देणार होतो?

पुढच्या वर्षीच्या सुट्टीत मी पदक घेऊन त्यांच्या गावी गेलो. आप्पा चैत्रातच गेले होते. त्यांच्या पत्नीने मला चहा दिला. घराच्या दाराला कडी नव्हती, कोयंड्यातून सुतळी ओवलेली होती. पदक मी पिशवीतून बाहेर काढलंच नाही. त्या माउलीही आता राहिल्या नाहीत, म्हणून हे लिहू शकतो आहे.

"शेवटी दोन दिवस पाणी पाणी करत होते," त्या म्हणाल्या. "तोंडाला भांडं लावलं तर ढकलून द्यायचे. मला नको म्हणे, आठ बादल्या भरा. आम्ही भरल्या बी, अंगणात. आठच का हो, भाऊ?"

"कुवेतला त्यांच्याकडे आठ घोडे होते."

"बाई! मग लढाईत त्यांचं काय झालं?"

मी कप खाली ठेवला.

"आप्पांनी दारं उघडली," मी म्हणालो. "म्हटलं, जा."