बिनकानाचे कप

स्टेजवर आम्ही चौघं होतो. तिघांपुढे पांढरे कप आले, बशीसकट. माझ्यापुढे आला तो कान तुटलेला. मळकट, कडेचा टवका उडालेला.

मला वाटलं, चहा देणाऱ्याची चूक झाली. मी कप बाजूला सारला. तेवढ्यात मराठीच्या सरांनी माईक घेतला. चूक नव्हती. त्यांनी तो कप मुद्दाम शोधून आणला होता.

"ज्या कपानं एका पिढीचा अपमान केला," ते म्हणाले, "तोच कप आज आपण सन्मानानं त्यांच्या लेकीच्या हाती देत आहोत."

टाळ्या पडल्या. फोटोवाला पुढे आला. ताई, कप जरा वर धरा, म्हणाला. मान थोडी खाली. शेजारच्या खुर्चीत कादंबरीकार मॅडम होत्या. त्यांचे डोळे भरून आले होते. त्या हळूच म्हणाल्या, "घ्या ना."

शिरूरच्या एका कॉलेजातली ही गोष्ट, मॅडमच्या पुस्तकाच्या सत्काराची. गेल्या हिवाळ्यातली. माझं वय पन्नाशीला टेकलेलं. दौंडला रेल्वेच्या ऑफिसात कारकून आहे, स्वतःच्या पैशाचं घर आहे. आणि भर सभेत माझ्या हातात कान तुटलेला कप. आदरानं दिलेला.

मॅडम इंग्रजीत लिहितात. गिरणी कामगारांवर, धरणात बुडालेल्या गावांवर, गटारात उतरणाऱ्या माणसांवर. त्यांच्या पुस्तकांना मान आहे आणि तो मी नाकारत नाही. नोकरी लागल्यावर डिक्शनरी शेजारी ठेवून मी ती वाचली होती. धरणाच्या पुस्तकानं माझी अन्नावरची वासना उडाली होती. म्हणून शेतमजूर बायांवर लिहायला त्या केडगावजवळच्या आमच्या गावात आल्या, आमच्याच घरी उतरल्या, तेव्हा मी रजा काढली. त्यांचं मराठी तोडकंमोडकं. आई बोलायची, मी इंग्रजीत सांगायची, मॅडम लिहून घ्यायच्या.

आई म्हणजे तोंडाचा पट्टा. ती ओट्यावर बोलायला लागली की आळीला वेळेचं भान राहायचं नाही. मॅडमनाही सोडलं नाही. "ताई, तुमी लई हळू खाता. आमच्या टोळीत असता तर उपाशी मेला असता." मॅडम हसायच्या. पुन्हा भाकरी मागायच्या.

कपाची गोष्ट आईनंच सांगितली. मी लहान असतानाची. आई कांद्याच्या खुरपणीला जायची, एका बागायतदाराकडे. मला बरोबर न्यायची. दुपारी त्यांच्या घरी चहा मिळायचा. आमच्या बायांचे कप गोठ्याच्या कोनाड्यात. सगळे कान तुटलेले, म्हणजे घरातल्या कपांत मिसळू नयेत. पिऊन झालं की आपणच धुवायचे, आपणच परत ठेवायचे.

त्या दिवशी त्या घरी दसरा काढला होता. दसऱ्याआधी घर सारवायचं, घरातलं झाडून सगळं बाहेर काढून धुवायचं. अंगणात बाजेवर कप वाळत घातलेले. निळ्या फुलांचे. मला वाटलं, कोनाडा घराबाहेर, आपण घराबाहेर. जे बाहेर असतं ते आपलं. आज आपल्याला फुलांचे कप काढलेत. मी एक उचलला.

घरधनीण धावत आली. माझ्या हातावर फाडकन मारलं. "ए, त्यो न्हवं. तुमचा कोनाड्यात."

मी रडले नाही. हात लाल झाला तो बघत राहिले. धनीण आत गेली. आई बाजेजवळ बसली. कमरेचं खुरपं काढलं, उलटं धरलं आणि मुठीनं एकेका कपाचा कान उडवला. टक्. टक्. टक्. घाईनं नाही. शेंगा फोडाव्यात तसं. मग कोनाड्यातले कप आणून त्यांत मिसळले. धनीण बाहेर आली तर बाजेवर सगळे सारखे.

"वैनी, आता हुडका आमचा कंचा."

आम्ही निघालो. टोळीतल्या बाया आईमागं निघाल्या. त्या घरचं काम सुटलं ते सुटलंच, तो हंगाम आम्ही लांबच्या वस्त्यांवर पायपीट करून काढला. कप उकिरड्यावर फेकले असं धनिणीनं गावभर सांगितलं. दिवाळीत मी त्यांच्या दारावरून जात होते, तर पाव्हणे ओसरीवर चहा पीत बसलेले. निळ्या फुलांचे कप. बिनकानाचे. चटका बसतोय म्हणून दोन्ही हातांनी धरलेले. मी पळत जाऊन आईला सांगितलं. ती हसून हसून चुलीपुढं आडवी झाली.

हे सगळं मी मॅडमना शब्दन् शब्द सांगितलं होतं. त्यांनी लिहून घेतलं. त्यासुद्धा डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसल्या होत्या.

पुस्तक आलं. त्यात आई होती. तिचा वाकडा अंगठा होता, तिची चाल होती. कप होते, लहान पोरगी होती, तिच्या हातावरचा फटका होता. पण पुस्तकातली बाई काही बोलत नाही. खाली मान घालून कोनाड्यातला कप घेते, पिते, धुते, ठेवते. पुस्तकभर तिच्या तोंडात एक वाक्य नाही. शेवटी शेताच्या वाटेवरच्या चिंचेला फास घेऊन मरते.

मी मॅडमना फोन केला. हे असं का, विचारलं. त्या रागावल्या नाहीत. लहान मुलाला समजवावं तसं म्हणाल्या, "तुमची आई फार हसते. वाचकाला तिच्यासाठी रडायला जागा राहत नाही."

पुढे पुस्तक मराठीत आलं. मग पोरं यायला लागली. कॉलेजची, अभ्यास सहलीची. आई दारात मेथी निवडत बसलेली. एकानं विचारलं, आजी, ती पुस्तकातली बाई कुठं मेली? आई म्हणाली, "आरं मीच ती. अजून न्हाई मेले." पोरं एकमेकांकडे बघून हसली. म्हातारीला भ्रम झालाय असं त्यांना वाटलं असावं. त्यांनी चिंचेचे फोटो काढले. आईचा एकानंही काढला नाही.

पोरं गेल्यावर आईनं मला विचारलं, "मला कशानं मारलं तिनं?"

तोवर मी तिला सांगितलं नव्हतं. आता सांगितलं. फास, म्हटलं. चिंचेला.

आईनं मेथी तशीच ठेवली. मग म्हणाली, "आन् तू कुठं हुतीस तवा?"

मी म्हटलं, आई, खोटं आहे ते, पुस्तक आहे. ती म्हणाली, व्हय, खोटं हाय. पण त्या दिवसापासून ती चिंचेखालून गेली नाही. लांबच्या बांधानं वळसा घालायची. भुतंखेतं न मानणारी बाई. विहारात पोरांना ओरडायची, अंधश्रद्धा सोडा म्हणून. आता स्वतःचंच भूत त्या झाडाला लटकतंय म्हणून वाट बदलायची. बोलणंही कमी झालं. हळूहळू ती पुस्तकातल्या बाईसारखी दिसायला लागली.

मेली ती रक्तदाबानं. दौंडच्या दवाखान्यात, सलाइन नीट लावलं नाही म्हणून नर्सशी भांडत. ते भांडण ऐकून मला बरं वाटलं होतं. पण पुण्यानुमोदनाला एका कार्यकर्त्यानं काय वाचावं? त्या पुस्तकाचं शेवटचं पान. फास, चिंच, वाऱ्यावर हलणारा पदर. अख्खा मांडव रडला. मीही रडले. घरी आल्यावर कळलं, मी दुसऱ्याच बाईसाठी रडले.

त्यानंतर आई स्वप्नात येते. खाली मान. हातात कप. बोल म्हटलं तर बोलत नाही. जागेपणीही मी तिचा आवाज आठवायला बसते तर तो येत नाही. वाक्यं येतात. आवाज नाही. घरातल्या घरात माझी आई कुणीतरी बदलून ठेवलीय.

हे सगळं त्या स्टेजवर माझ्या पोटात होतं. पुढं कॅमेरा. शेजारी "घ्या ना" म्हणणाऱ्या मॅडम. चहावर साय धरायला लागली होती.

थोड्या वेळापूर्वी मला स्मृतिचिन्ह दिलं होतं. पितळेचं, उघड्या पुस्तकाच्या आकाराचं, हाताला चांगलं जड. मी ते उचललं. मॅडमचा रिकामा कप ओढून घेतला आणि त्याच्या कानावर हाणलं. टक्. कान टेबलावर पडला. मग सरांचा. मग पलीकडे बसलेल्या प्राचार्यांचा. टाळ्या थांबल्या होत्या. तिन्ही कप मी माझ्या कपाशेजारी मांडले आणि मॅडमकडे वळले.

"आता हुडका आमचा कंचा."

मॅडमचा चेहरा उतरला. वाक्य त्यांनी ओळखलं. त्या हॉलमध्ये ते ओळखणाऱ्या आम्ही दोघीच होतो. म्हणजे त्या विसरल्या नव्हत्या. मला तेवढंच बघायचं होतं.

सर म्हणाले, ताई, अहो पाहुण्या आहेत त्या. मी माईक ओढला. आई कोण होती, तिनं काय केलं, कशी मेली, सांगितलं. फार वेळ घेतला नाही. मॅडम मधेच म्हणाल्या की त्यांना आईबद्दल प्रेमच होतं. असेल. प्रेमानंच मारलं त्यांनी तिला. मी खाली उतरले आणि न्हावऱ्यावरून चौफुल्याला जाणारी गाडी धरली.

आवाज परत आला का? नाही. त्या दिवशीही स्वप्नात आई मान खाली घालूनच उभी होती.

पण आता माझं ठरलंय. शिरूर आणि दौंड, या दोन तालुक्यांत ते पुस्तक जिथं वाचलं जाईल, शिकवलं जाईल, सत्काराला काढलं जाईल, तिथं मी जाणार. बोलावलं तर जाणार, नाही बोलावलं तरी जाणार. चिंचेचं पान आलं की उठून उभी राहणार आणि कपांची गोष्ट सांगणार, हसून सांगणार, त्यांच्या रडण्याच्या ऐन मधे. कंटाळले तरी सांगणार. बाहेर काढलं तर दारातून सांगणार. आमच्या जित्या माणसाचं त्यांनी भूत केलं. आता ते मानगुटीवर बसणार.

खुरपं आईचंच आहे. पर्समध्ये मावतं.