ओसाकातला एक 'वा'

ऑफिसने माझा करार दोन वर्षांनी वाढवायची तयारी दाखवली होती आणि सोमवारी उत्तर द्यायचं होतं. बायको मुलीच्या शाळेसाठी उन्हाळ्यातच पुण्याला परतली होती. ओसाकाच्या घरात मी, राइस कुकर आणि कचऱ्याच्या वेगवेगळ्या पिशव्या उरलो होतो. रविवारी घरी बसून काही ठरेना, म्हणून इंग्लंडहून आलेल्या एका गायकवृंदाच्या दुपारच्या कार्यक्रमाला गेलो.

कार्यक्रमाची पुस्तिका लग्नाच्या अल्बमसारखी गुळगुळीत होती. तिच्यात गायकांच्या मानसन्मानांना बरीच पानं होती, गाण्यांना एकच. त्या पानावर मात्र जुनं लॅटिन चर्चसंगीत, खलाशांची गाणी, सिनेमातली प्रेमगीतं आणि शेवटी एक जपानी बालगीत अशी सगळी मंडळी गुण्यागोविंदाने नांदत होती. मंचावर काळ्या कपड्यांतले आठ गायक, वाद्य एकही नाही.

शेवटचा सूर पूर्ण विरेपर्यंत कृपया टाळ्या वाजवू नयेत, अशी आधी घोषणा झाली. ती मी इमानेइतबारे पाळली. मग एक इंग्रजी अंगाई आली. एकेक आवाज थांबत गेला आणि उरलेला एका बाईचा सूर इतका बारीक झाला की तो संपला कधी, कळलंच नाही. त्या शांततेत माझ्या तोंडून चांगलं खणखणीत "वा!" निघून गेलं. घोषणेत 'वा'बद्दल काही म्हटलं नव्हतं.

कोणीही वळून पाहिलं नाही. पुण्यात निदान एकाने डोळे वटारले असते, दुसऱ्याने मान डोलावली असती. इथे अख्ख्या सभागृहाने मला ऐकलं नाही असं एकमताने ठरवलं. मध्यंतरात मी शेजारच्या आजोबांची माफी मागितली.

"छे, छे, काही झालंच नाही," ते वाकून म्हणाले.

ते मनापासून बोलत होते, आणि तेच मला लागलं.

शेवटच्या बालगीताला आजोबांनी डोळ्यांना रुमाल लावला. गाणं सुरेखच होतं. मी तोंड मिटून बसलो.

बाहेर येऊन बायकोला फोन केला. तिकडे जेवणं चालली होती. घडलेलं सांगितलं तर ती हसत सुटली.

"तिथे वा म्हणालास? शहाणाच आहेस. मग, हसले का तुला?"

"कोणीच नाही हसलं."

तिचं हसू थांबलं. "दोन वर्षं असंच राहणार आहेस का?"

स्टेशनकडे जाणारी माणसं माझ्या दोन्ही बाजूंनी, धक्का न लावता, पुढे जात होती.

"नाही. उद्या नको म्हणून सांगतो त्यांना," मी म्हणालो.

"बाबा येतोय गं," ती तिकडे वळून म्हणाली. मागून मुलीचा आवाज आला. खरंच येणार का, असं तिने विचारलं, तेही जपानीत. आईने फोन तिच्या हातात दिला.