माग चालू असताना आलेली हाक

आधीच सांगतो... अंगात येणं, करणी, भानामती या सगळ्याची मी आयुष्यभर टिंगल केली. तुमच्या मासिकातले असले अनुभव मी चहासोबत वाचायचो आणि बायकोला म्हणायचो, “पित्त झालं असन गड्याले.” आता लिहायची पाळी माझ्यावर आलीय. हसायचं असेल तर खुशाल हसा.

मी नागपुरातल्या एका कापड गिरणीत फिटर आहे. गिरणीचं नाव देत नाही, पोट तिच्यावर आहे. राहायला तांडापेठेत – मी, बायको गया आणि आमची पाच वर्षांची चिमी. लढाई सुरू झाली, लष्कराच्या कापडाचं काम आलं आणि मागखातं, दुपारची सुट्टी सोडली तर, दिवसभर थांबेनासं झालं. शेकडो यंत्रमाग एका छपराखाली चालले की कानाशी ओरडलेलंही ऐकू येत नाही. म्हणून आम्ही तिथे ओठांनी बोलतो. आवाज काढायचाच नाही, नुसते ओठ हलवायचे आणि समोरच्याने वाचायचे. सहा महिन्यांत सगळ्यांना येतं.

माझ्या पहिल्याच दिवशी महादबा नावाच्या म्हाताऱ्या विणकराने मला फाटकाबाहेर बाजूला घेतलं.

“माग चालू असताना माणसाचा आवाज आयकू येत नाही गा. आलाच कधी साफ, तर तो इथचा नाही. ओ देऊ नको.”

“मंग कुठचा?” मी हसून विचारलं.

“आवाजातच एक जागा हाये. ज्याच्या मनात जे असन, तशी ती होते. मी पाह्यली नाही अन् मले पाहाची नाही.”

मला यंत्राचा आवाज आला की तेल घालायचं एवढंच ठाऊक. मी ती गोष्ट पुढे कित्येक दिवस लोकांना रंगवून सांगितली.

लढाई चालू असतानाच एका वैशाखात चिमीला ताप आला. तिसऱ्या दिवशीही उतरला नाही, तरी मी कामावर गेलो. खाडा केला असता तर काहीच बिघडलं नसतं, हे आज कळतं. दुपारच्या सुट्टीला थोडा वेळ होता. मी एका बंद पडलेल्या मागाखाली आडवा होऊन बोल्ट आवळत होतो. आणि त्या खडखडाटात, रिकाम्या खोलीत कुणी बोलावं इतकं साफ, ऐकू आलं – “बाबा.”

तीनदा आलं. आवाज चिमीचाच होता... मी दात आवळून पडून राहिलो. न मानणारा माणूस मी, पण ओ दिली नाही.

भोंगा झाला. फाटकाशी शेजारचा माणूस उभा होता. त्याला काही सांगावं लागलं नाही.

घरी गया एकच वाक्य पुन्हा पुन्हा म्हणत होती. पोरीने तीनदा हाक मारली, मग म्हणाली, “आई, बाबा ओ देऊन नाही राह्यले.” आणि गेली.

हे मी तीन महिने पोटात ठेवलं. मग तान्हा पोळा आला. गल्लीतली पोरं लाकडी बैल घेऊन निघाली आणि गयाने चिमीचा बैल काढून पदराने पुसला. मला राहवलं नाही. सगळं सांगून टाकलं.

ती रडली नाही. “काहून नाही देली ओ? पोरगी बलावून राह्यली होती अन् तुमी बोल्ट आवळत होते?”

आठ दिवसांत तिने आमच्या मागखात्याशेजारच्या सूत गुंडाळायच्या खात्यात काम मिळवलं. मी नको म्हटलं. ती म्हणाली, “तुमी नका देऊ. मी देतो.” आमच्याकडे बायकाही असंच बोलतात.

पहिल्याच दुपारी मी दुरुस्त करत होतो त्या मागापाशी ती येऊन उभी राहिली. हाक आली. तिच्या चेहऱ्यावरून कळलं, तिलाही आली. मी तिचं मनगट धरलं.

“ओ! आली वं माय मी, आली!” गया ओरडली, आणि ते मला ऐकू आलं!

पुढचं जसं दिसलं तसं लिहितो. खडखडाट थांबला नाही, तो आमच्याभोवती भिंतींसारखा उभा राहिला. गया जिथे पाऊल टाकी तिथे आमचं सारवलेलं अंगण होई. तिला हुंदका आला आणि समोर आमचा उंबरठा आला. आत चिमी हसली. ती दिसली नाही, पण हसण्यासरशी घरात उजेड पडला.

मी घाबरलो. त्याबरोबर अंगण गार पडलं, भिंती जवळ आल्या, दार आक्रसायला लागलं. हे माझ्या भीतीने होतंय हे मला समजत होतं. पण भीती नको म्हटली की जाते का? गया उंबऱ्याच्या आत होती, मनगट माझ्या हातात... आणि दार लागलं.

भोंगा झाला, माग थांबले. गया माझ्याशेजारीच उभी होती. ओठ हलत होते, आवाज नव्हता, आणि माझं बोलणंही तिला ऐकू येत नव्हतं.

सरकारी दवाखान्यातले डॉक्टर म्हणाले, गळा ठीक, कान ठीक, धक्का बसलाय. मानलं असतं मी. पण गयाच्या हातातल्या काचेच्या बांगड्या वाजत नाहीत. मी तिचा हात कानाशी धरून हलवून पाहिलाय. काढून ठेवल्या की वाजतात. याचा खुलासा कुणा वाचकाकडे असेल तर कळवावा. महादबा वारला, आणि मला स्वतःला काही सुचत नाही.

लढाई संपली. मी त्याच खात्यात आहे. रोज दुपारी सुट्टीच्या थोडं आधी चिमी हाक मारते, आणि तिच्यामागून दाराआड राहिलेली गया – “अवो, आता तरी ओ द्या ना!” मी देत नाही. माझ्या मनात भीतीच आहे, त्या दोघींच्या घराचं मी काय करून ठेवीन? आणि इकडची गया मग कुणाच्या भरवशावर राहील?

तिला मी ओठ वाचायला शिकवलंय. संध्याकाळी मी हातपाय धुऊन आलो की ती समोर येते आणि ओठांनी विचारते, “आज आली होती का हाक?”

मी मान हलवून नाही म्हणतो. मग ती ताट वाढते.