कारल्याचे काप वाजेनात

आमच्या सासरी कुरकुरीतपणाची परीक्षा जिभेने नव्हे, कानाने होई. कडक भाकरी असो की भाजलेले कारल्याचे काप, एकावर एक आपटून खणखणले तरच पास. आणि परीक्षक कोण, तर माझ्या सासूबाई, ज्यांना गिरणीचा भोंगासुद्धा धड ऐकू येत नसे!

लग्नानंतरची पहिलीच पंचमी. मंद्रूपहून भाऊ सकाळीच बैलगाडी घेऊन न्यायला आला. माझा जीव तर आदल्या दिवशीच माहेरी पोचला होता. सासूबाई म्हणाल्या, "जा की. पर ह्यांच्या डब्यापुरतं काप भाजून ठिव अन् मग जा."

मीठ लावून पिळलेल्या कापांना ज्वारीचं पीठ आणि तिखट चोळलं, तव्यावर पसरले, वर झाकणीत निखारे ठेवले. श्रावणातली दमट हवा, तरी काप झकास भाजले. सासूबाईंनी दोन काप कानाशी आपटले आणि मान हलवली.

"वाजत न्हाय की गं. पुन्ना ठिव."

पुन्हा ठेवले. पुन्हा तेच. तिसऱ्या खेपेला कडा कोळशासारख्या झाल्या. बाहेर भावाने बैलांपुढे दुसऱ्यांदा कडबा टाकला. म्हातारी मुद्दाम छळतेय, असं वाटून मला रडू यायला लागलं. शेवटी भाऊच आत आला आणि न विचारता मूठभर काप तोंडात कोंबले. असा कडकडाट झाला की चुलीपाशी झोपलेलं मांजर उठून पळालं. सासूबाईंनी शांतपणे विचारलं, "वाजलं का?"

माझा संयम सुटला. त्यांच्या कानाशी तोंड नेऊन मी ओरडले, "आत्याबाई, मघापासनं वाजतंय! मला जाऊ द्यायचं न्हाय, असं सरळ सांगा की!"

शेजारच्या दोघी दारात येऊन उभ्या राहिल्या. मी जीभ चावली. सासूबाई मात्र रागावल्या नाहीत. पदराने डोळे पुसत म्हणाल्या, "न्हायच द्यायचं. ह्या घरात माज्या कानापाशी येऊन बोलतंय कोन? समदी नुसती हातानं खुणावत्यात."

मी काप डब्यात भरले. त्यांनीच मला गाडीपर्यंत पोचवलं.

चार दिवसांसाठी गेले होते, तिसऱ्याच दिवशी परतले. आई रुसली. सासरी माझ्या ओरडण्याची कुणी वाट बघतंय, हे तिला कसं सांगणार?