विल्फ कुठल्या दारानं गेला

आमच्या विल्फ ओल्डरॉइडला चहात दूध आधी घालायचं की नंतर, हेही कधी नक्की सांगता आलं नाही, आणि अशा माणसाला आम्ही तीनदा पार्लमेंटात पाठवलं. मी मजूर पक्षाचा, थॉर्नडेन या इंग्लंडातल्या गिरणगावातला चिटणीस, म्हणजे निवडणुकीत त्याच्यासाठी चपला झिजवणारा. पोरवयात तो गिरणीत लागला, पुढे विणकरांच्या युनियनचा पुढारी झाला. दोन विणकर भांडत आले, की पहिल्याचं ऐकून तो म्हणे, बरोबर आहे तुझं. दुसऱ्याचं ऐकूनही तेच. लोक हसत, पण मत त्यालाच देत. महायुद्ध संपलं त्या वर्षी तो निवडून आला. निकाल ऐकल्यावर त्यानं हळूच मला विचारलं, की आता काय करायचं असतं.

पुढे धरणाचं विधेयक आलं. आमच्या वरच्या अंगाला स्केलडेल नावाचं खेडं होतं. ते बुडवून तलाव करायचा आणि पाणी खाली आणायचं. खाली थॉर्नडेनमध्ये उन्हाळ्यात नळाला गढूळ पाणी, गिरण्या अर्धा वेळ बंद. वर मूठभर घरं, एक चॅपेल आणि त्यामागच्या कबरी. विल्फला दोन्ही बाजू पटत होत्या. शेवटी स्केलडेलच्या चॅपेलमध्ये उभं राहून त्यानं सांगितलं, की आपण धरणाच्या बाजूनं मत देणार. त्याला रविवारच्या शाळेत अक्षरं शिकवलेल्या मिसेस सगडन मागच्या बाकावरून उठल्या आणि निघून गेल्या.

आमच्या पार्लमेंटात मत चालत जाऊन देतात. घंटा वाजली, की बाजूचे एका दालनात शिरतात, विरोधातले दुसऱ्यात. मागून दारं बंद होतात आणि पलीकडून बाहेर पडताना डोकी मोजली जातात. त्या दिवशी घंटा वाजली तेव्हा विल्फ समोरच्या पक्षातल्या मेजर पेलमशी बोलत होता. दोघंही शर्यतीची कबुतरं पाळणारे, त्यामुळे गप्पा आवरेनात. बोलता बोलता तो मेजरबरोबर विरोधाच्या दालनात गेला. लक्षात आलं तोवर दार लागलं होतं. विधेयक एका मतानं पडलं.

तो गावी परतला त्या दिवशी मी स्टेशनवर गेलो, ते त्याला झापायलाच. बघतो तर स्केलडेलचा बँड हजर. बायकांनी डुकराचं मांस भरलेले पॅटिस भाजून आणले होते, आणि खुद्द मिसेस सगडननी त्याच्या हातात फाटलेल्या दुधाचं गोड टार्ट ठेवलं. विल्फ सांगत होता, की अहो, मी चुकून गेलो. लोकांना तो विनय वाटला. मला हसावं की रडावं कळेना.

"दार बघितलं नव्हतंस?" नंतर पबमध्ये मी त्याला विचारलं.

"तेच कळत नाही रे. बघितल्यासारखं वाटतं. मग वळलो का नाही?"

"मला काय विचारतोस? पाय तुझे होते."

"असं तू म्हणतोस," विल्फ म्हणाला आणि बिअरच्या फेसाकडे बघत बसला. मी वैतागलो.

वर्षभरानं विधेयक पुन्हा आलं. विल्फ मला घेऊन मिसेस सगडनकडे गेला. त्यांनी चहा दिला.

"मागच्या वेळी खरंच चूक झाली होती, मिसेस सगडन. तुमचं टार्ट माझ्या हक्काचं नव्हतं. या वेळी मी पाण्याच्या बाजूनं मत देणार. देणार असं वाटतंय."

त्यांनी आपला कप खाली ठेवला.

"चुकून का होईना," त्या म्हणाल्या, "माझ्या सुनेचं बाळंतपण या घरात झालं. नातू याच अंगणात पाऊल टाकायला लागला. आणि आता शुद्धीवर राहून तू आम्हाला बुडवणार. तुझी चूकच बरी होती, विल्फ."

या वेळी कबुतरांचा विषय निघाला नाही. तो एकटा चालत गेला आणि दारावरची पाटी वाचून आत शिरला. विधेयक पास झालं. मी बाहेर थांबलो होतो; आल्या आल्या त्यानं माझी बाही धरली.

"बरोबर दारानं गेलो ना रे?"

"हो."

"मग चुकल्यासारखं का वाटतंय?"

मी बाही सोडवून घेतली आणि गाडीची वेळ झाली म्हणालो. त्या प्रश्नाचा मला अजूनही राग येतो.

स्केलडेल रिकामं व्हायच्या दिवशी तो तिथं जायला निघाला. लोक दगड मारतील, मी बजावलं. तरी जुने कपडे चढवून गेला, आणि मला मागोमाग जावं लागलं. दगड कोणी मारला नाही. लोक गाड्यांवर सामान चढवत राहिले. मिसेस सगडननी त्याला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि म्हणाल्या, की आलाच आहेस तर टेबलाला हात लाव.

जुनं, जाड लाकडाचं टेबल. ते दारात अडकलं. विल्फनं या अंगावर करून बघितलं, त्या अंगावर करून बघितलं. घामाघूम झाला.

"कसं काढू, मिसेस सगडन? पाय मोडेल एखादा."

"काढ कसंही," त्या म्हणाल्या. "परत आत थोडंच आणायचंय."