ओटीतला खण

लग्नानंतर काही वर्षं मी मरोळला काळ वाकवणाऱ्या मालाच्या कंपनीत सेल्समन होतो, आणि नोकरी तशी बरी होती.

काळवेळ आणि कंपनी हे तिचं नाव. भातशेतांच्या पलीकडे पत्र्याची एक शेड, तिच्यात आमचं ऑफिस आणि गोदाम. सबुरीची दोरी बांधली की दूध चार दिवस नासायचं नाही. घाईच्या कापडात कच्चा आंबा गुंडाळला की चहा पिऊन होईपर्यंत पिकायचा. (आणखी एक चहा घेतला तर सडायचा. म्हणून गिऱ्हाइकासमोर मी दुसऱ्या कपाला नेहमी नाही म्हणायचो.) साठ्ये शेठ, आमचे मालक, रोज बजावायचे, "माल उघडा ठेवायचा नाही. जस्ताच्या डब्यातच."

एका शनिवारी केळीच्या व्यापाऱ्याला दाखवायला म्हणून मी घाईच्या कापडाचा एक तुकडा अंधेरीला घरी आणला. हिरवागार, जरीकाठी. शेठना काठाची हौस. "याला हात लावू नकोस," असं बायकोला सांगून डबा ट्रंकेत ठेवला. माझ्या कंपनीवर सुमतीचा काडीचा विश्वास नव्हता. "माणसं फसवायचे धंदे," एवढंच तिचं मत.

त्याच दुपारी पार्ल्याला माझ्या धाकट्या बहिणीचं, कुसुमचं डोहाळजेवण होतं. कार्यक्रम बायकांचा, त्यामुळे मी घरी. जेवून उठलो आणि सहज कॉटवर लक्ष गेलं. सुमतीनं ओटीसाठी बाजारातून आणलेला खण तिथेच पडला होता. सकाळी ती कुरकुरत होती, "हा कसला हिरवा? शेवाळ्यासारखा दिसतोय."

मी ट्रंक उघडली. डबा रिकामा.

खण ओटीत घालतात, आणि ओटी कुठे असते? पोटाशी. कुसुमला सातवा महिना, तोही किती वर्षांनी, किती नवस बोलून! आंब्याचा हिशेब आठवला. बाळ आजच जन्मलं तर? न जन्मता आतच वाढत राहिलं तर? त्याला पोटातच मिशा फुटलेल्या मला दिसू लागल्या. हसू नका. मला तेव्हा रडू येत होतं.

बाजारातला खण खिशात कोंबला, सायकल काढली आणि जी हाणली! वाटेत देव आठवले तेवढे सगळे बोलावून झाले. शेजारच्या इनासबायच्या मदर मेरीलाही सोडलं नाही.

पोचलो तर दारात चपलांचा ढीग, आत उखाणे चाललेले. हिरव्या साडीत, फुलांच्या वाडीत कुसुम झोपाळ्यावर बसली होती. पदरात तांदूळ, नारळ, आणि त्याखाली अगदी पोटाला चिकटून तो खण. झोपाळ्याजवळ सुमती लांबलचक उखाणा घेत होती.

"सुमती, खण काढ," मी दारातूनच ओरडलो.

सगळ्या बायका वळल्या. सुमतीनं डोळे वटारले. "अहो, तुम्ही इथे कशाला? बायकांत?"

"तो माझ्या डब्यातला खण आहे. दे आधी."

"वाट लागली माझ्या अब्रूची," ती दात आवळून म्हणाली. "एका खणासाठी इथवर आलात?"

कुसुमच्या सासूबाई पुढे झाल्या. "भरल्या ओटीतलं कुणी काढतं का हो? अपशकुन असतो."

तेवढ्यात कुसुम बारीक आवाजात म्हणाली, "दादा, पोटात फार हालतंय रे."

मग मी कुणाचंच ऐकलं नाही. पुढे झालो, पदरात हात घातला आणि खण ओढला. तांदूळ घरभर. नारळ टणकन माझ्या पायावर. मी विव्हळत त्याच्याकडे पाहिलं तर त्याला वीतभर कोंब आला होता! कोंबाला एवढा वेळ मिळाला, तर बाळाला किती?

सासूबाईंनी मात्र नारळ कपाळाला लावला. "कोंब आला गं बाई. शुभ आहे हो," म्हणाल्या. बायका आनंदल्या. तेवढ्यात दुसरा खण ओटीत टाकून मी पळालो.

आता हे कापड ठेवायचं कुठे? डबा घरी. शर्टात ठेवावं तर छाती जवळ, हृदय आजच पेन्शनीत निघायचं. खिशात ठेवावं तर मांडी आखडून सायकल कोण चालवणार? विचार केला, डोक्याचं काय बिघडणार आहे? घडी करून टोपीखाली ठेवलं आणि तसाच मरोळपर्यंत पायडल मारत गेलो.

शेठनी चिमट्यानं ते उचलून डब्यात टाकलं आणि विचारलं, "पोटाशी किती वेळ होतं?"

"एका उखाण्याएवढं," मी म्हणालो. "पण उखाणा सुमतीचा होता."

शेठनी बोटांवर हिशेब केला. तो क्षण मला वर्षासारखा गेला. मग म्हणाले, "दोन-तीन आठवडे पुढे सरकलं असेल. पोर सुखरूप येईल." मी तिथेच मटकन बसलो आणि पोरासारखा रडलो.

कुसुमला मुलगी झाली. वेळेच्या जरा आधी, पण गुटगुटीत, डोकंभर जावळ घेऊन. बारशाला मी गेलो तेव्हा माझ्या डोक्यावर एकही काळा केस नव्हता. एका पाहुणीनं माझ्या पाया पडून बाळ माझ्या मांडीवर दिलं. "घ्या आजोबा," म्हणाली.

सुमती पदराआड हसली. "काय हो, कापड डोक्यावरच होतं ना? मग केसांबरोबर अक्कल कशी नाही पिकली?"

मी तिला सांगितलं की शेठना मीही हेच विचारलं होतं. ते म्हणाले होते, "आपला माल असलेलीच वस्तू पिकवतो."